आईची तिलहरी

“दिदी, तू काठमांडूला येऊ नकोस.”

नेत्रप्रसादनं खाली मान घालून एवढंच म्हटलं, आणि चुकौनीसाठी उकडलेला बटाटा कुस्करणारा यामकलेचा हात दह्याच्या भांड्यातच थबकला... येऊ नकोस! ज्या भावाला पाठीशी बांधून तिनं माग चालवला, ज्याच्या शाळेच्या फीसाठी ढाक्याचं कापड विणता विणता तिच्या डोळ्यांची नुसती वाट लागली, त्या भावावर विशेष न्यायालयात लाचखोरीचा खटला उभा राहिला होता, साक्षीपुराव्याची तारीख चार दिवसांवर आली होती, आणि तो म्हणत होता, येऊ नकोस!

“का बरं?”

“बसचा प्रवास लांबचा. रस्ता उखडलेला. तुझे गुडघे...”

“माझे गुडघे माझ्या पायांना आहेत, तुझ्या नाहीत! आणि ती? ती जाणारच असेल!”

“समझनाची साक्ष आहे, दिदी. तिला जावंच लागेल.”

ती जाणार! त्याच्याशेजारी बसणार, त्याचा डबा बांधणार, न्यायाधीशांसमोर डोळ्यांना पदर लावणार. आणि सगळं बुटवल म्हणणार, काय नवऱ्यामागे उभी राहिली हो सुब्बासाहेबांची बायको! यामकलेच्या तळपायाची आग मस्तकात गेली. नेत्र बोलतोय खरा, पण बोल त्याचे नाहीत, हे तिला तिथल्या तिथे उमगलं. दुसरं कोण शिकवणार त्याला?

तेवढ्यात समझनाच आत आली. चहाचा पहिला पेला तिनं दोन्ही हातांनी यामकलेपुढे धरला, मग नवऱ्याला दिला, आणि स्वतः उंबऱ्याशी टेकली. यामकला वर्षभरापूर्वी भावाकडे राहायला आल्यापासून रोजचंच होतं हे. पहिला पेला नणंदेला. शनिवारी कोमट तेल घेऊन नणंदेच्या गुडघ्यांना चोळणं. शेजारणी तोंड भरून कौतुक करायच्या, आणि त्या कौतुकाचा एकेक शब्द यामकलेला मिरचीसारखा झोंबायचा... सोंग! नुसतं मानाचं सोंग!

“दिदी, चुकौनीत मेथीची फोडणी मी देऊ का?” समझनानं हळूच विचारलं.

“का? माझ्या हातची त्याला कडू लागायला लागली वाटतं?”

नेत्रानं पेला तसाच ठेवला आणि तो उठून बाहेर गेला.

हे दुखणं आजचं नव्हतं. तानसेनच्या उतारावरच्या त्या दोन खोल्यांच्या घरात आई गेली, तेव्हा नेत्र अजून धड चालतही नव्हता. बाप आधीच गेलेला. मरताना आईनं उशाखाली जपलेली तिलहरी काढून यामकलेच्या मुठीत ठेवली होती. हिरव्या काचमण्यांच्या सरीत ओवलेलं ते लांबट सोन्याचं लेणं, तिथल्या पाल्पा भागातल्या कुठल्याही लग्न झालेल्या बाईच्या गळ्यात असतं तसलं. कुमारिकेनं ते घालायचं नसतं. सोबत अशर्फींची माळ होती, हातातल्या जाडजूड बाला होत्या, कानातलं होतं. “विकू नकोस गं, यामू... तुझ्या लग्नाला होईल, नाहीतर याच्या बायकोला होईल.” एवढंच बोलून आईनं डोळे मिटले होते.

विकू नकोस! यामकलेनं विकलं नाही. पिठाचा ढिंडो आणि आंबवलेल्या पाल्याचं गुंद्रुक यांवर दिवस काढले, पायाला फडकी गुंडाळून थंडीत माग चालवला, पण आईच्या सोन्याला हात लावला नाही. रिडीहून एक चांगलं स्थळ आलं होतं. मुलगा हसरा होता, शाळेत शिकवायचा. “बायकोचा भाऊ कसा सांभाळायचा?” असं त्याच्या घरचे म्हणाले, आणि यामकलेनं सुपारी परत पाठवली. त्या रात्री ती रडली नाही. सकाळी माग मात्र एवढ्या जोरात चालवला की शेजारची काकी विचारायला आली, “कुणावर रागावलीस गं, पोरी?”

मग नेत्र शिकला. परीक्षा देऊन जमीन महसूल कचेरीत सुब्बा, म्हणजे वरिष्ठ कारकून, झाला. आणि बुटवलच्या एका कापडवाल्याची गोरीपान मुलगी त्याची बायको होऊन आली. यामकलेनं भर मांडवात आईचं सगळं सोनं आपल्या हातानं तिच्या अंगावर घातलं. तिलहरीची सर तिच्या गळ्यात अडकवताना तिनं तोंड दुसरीकडे फिरवलं होतं! लोक म्हणाले, धन्य ती बहीण. पण धन्य बहिणीच्या काळजात काय पेटलं होतं, ते कुणी पाहिलं? जे लेणं आपल्याला नशिबानं घालू दिलं नाही, ज्यासाठी आपण उपास काढले, ते एक परकी पोर येते काय आणि आयतं गळ्यात मिरवते काय! त्या दिवसापासून यामकला तानसेनलाच एकटी राहिली. माग सोडवत नाही, असं ती सांगायची. सोडवत नव्हतं ते वेगळंच होतं.

वर्षाकाठी हरतालिकेच्या तीजेला मात्र ती बुटवलला यायची. उपासाच्या आदल्या दिवशीचं ‘दर’ जेवायला भाऊ बोलवायचा. समझना तूपभात, खीर, सेलरोटी असं ताट भरायची. आणि गेल्या काही वर्षांत यामकलेला एक गोष्ट दिसली... समझनाच्या गळ्यात तिलहरी नसायची! लाल साडी असायची, बांगड्या असायच्या, माहेरची नवी साखळी लखलखायची. पण आईची तिलहरी? बघायलासुद्धा नाही! एका वर्षी नाही, दुसऱ्या वर्षी नाही, तिसऱ्याही वर्षी नाही. जुनाट वाटत असेल बाईसाहेबांना! मोडून त्याचीच साखळी केली असेल! मागच्या तीजेला दर जेवताना यामकलेच्या घशाखाली घास उतरला नाही. पोट बरं नाही, असं सांगून ती भल्या सकाळी तानसेनला परतली.

आणि नेमकी त्याच आठवड्यात भ्रष्टाचाराची चौकशी करणारी माणसं तिच्या ओसरीवर येऊन बसली.

नेत्रानं एका जमीनदलालाचं खोटं काम अडवलं होतं. दलालानं त्याच्याविरुद्ध तक्रार केली. तीज होताच घराची झडती झाली, आणि यामकलेला त्याचा पत्ताही नव्हता. घराला बँकेचं कर्ज होतं, ते दाखवता आलं. पण कपाटातलं सोनं एका सुब्बाच्या पगारात बसेना. “हे माझ्या आईचं,” नेत्र म्हणाला होता. “लग्नात माझ्या बहिणीनं दिलं. तिलाच विचारा.” म्हणून ती माणसं तानसेनला आली होती. सभ्य होती. पाणी मागून प्यायली. मग त्यातल्या एकानं विचारलं,

“दिदी, तुमच्या आईचं सोनं भावाच्या बायकोकडे आहे म्हणतात. खरं का?”

यामकलेच्या डोळ्यांपुढे तो रिकामा गळा उभा राहिला. त्यावरची ती माहेरची साखळी... आणि जिभेनं दगा दिला.

“कुठलं सोनं? ढिंडो खाऊन दिवस काढले आम्ही! आमच्या आईचं काही नाही त्या बाईकडे. तिचा थाट कुठून चालतो, ते तिलाच विचारा!”

त्यांनी ते लिहून घेतलं. तिनं अंगठा उठवला. भावाला काही व्हावं, असं तिच्या मनात स्वप्नातही नव्हतं हो! तिला फक्त त्या गोऱ्या गळ्याला एक चिमटा काढायचा होता. चिमट्याचा फास होईल, तिच्या काळजाचा तुकडाच कोठडीच्या दाराशी जाऊन उभा राहील, हे तिला कसं कळावं? आठवड्याभरात नेत्र निलंबित झाला. यामकलेनं माग झाकून ठेवला आणि ती बुटवलला येऊन राहिली. आपण काय बोललो, ते मात्र तिनं कुणालाच सांगितलं नाही. एक वर्ष तो निखारा तिनं पदराखाली धरून ठेवला होता.

दुपारी नेत्रचे वकील खनाल आले. नेत्र बँकेत गेला होता, समझना परसात होती. वकील पुढच्या खोलीत बसले आणि इकडेतिकडे बघून म्हणाले,

“दिदी, सुब्बासाहेबांनी तुम्हाला सांगू नका म्हटलंय. पण मी सांगणार. तुम्ही तानसेनला जे लिहून दिलंत, त्याला तुम्ही न्यायालयात येऊन दुजोरा दिला नाहीत, तर कायद्यानं त्या कागदाला काडीची किंमत नाही. तुम्ही घरी बसलात, की तो कागद मेला. कुणी तुम्हाला एक शब्द विचारणार नाही.”

म्हणजे नेत्रला ठाऊक होतं! सगळं ठाऊक होतं, आणि तरी तो रोज तिच्या पाया पडून घराबाहेर पडत होता!

“मग सुटेल का माझा बाबू?” तिनं कसंबसं विचारलं.

वकिलांनी चष्मा पुसला. “तिथंच घोडं अडलंय. सोनं कुठून आलं, हे आपण दाखवायचं असतं. ते जिच्या हातून आलं, ती तुम्ही एकटी. तुम्ही आला नाहीत, तर तुमची अब्रू राहील, पण सोनं तसंच लटकलेलं राहील. आलात, तर समोरचा वकील तुमची साल काढेल. तेव्हा खोटं का बोललात, हे भर न्यायालयात विचारेल. त्यापायी तुमच्यावरही बालंट येऊ शकतं. सुब्बासाहेब म्हणतात, मी तुरुंगात जाईन, पण दिदीला त्या कठड्यात उभी करणार नाही.”

यामकला भिंतीला टेकली. मग एकच प्रश्न तिच्या तोंडून बाहेर पडला.

“तिला... समझनाला ठाऊक आहे?”

“पहिल्या दिवसापासून. मीच वाचून दाखवलं होतं. दिदींना येऊ नका म्हणायचं नाही, असं म्हणत वहिनी सुब्बासाहेबांशी भांडत होत्या. दिदींचं दिदींना ठरवू द्या, असं त्यांचं म्हणणं.”

पहिल्या दिवसापासून! म्हणजे तो पहिला पेला, ते कोमट तेल, शनिवारचं ते गुडघे चोळणं... सगळं माहीत असून! नवऱ्याच्या गळ्याला फास लावणाऱ्या बाईचे पाय ती वर्षभर दाबत होती! यामकलेला वाटलं, आत्ता परसात धावत जावं आणि त्या पोरीच्या पायांवर डोकं आपटावं. आणि खोटं कशाला सांगा, त्याच क्षणी तो जुना विंचू पुन्हा नांगी उभारून आला... म्हणजे क्षमा करण्यातही तीच मोठी! सोनं तिला, भाऊ तिला, आणि आता मोठेपणही तिलाच! नाही! तिनं एकटीनंच मोठं व्हायचं होय?

“वकीलसाहेब,” ती उठून उभी राहिली, “माझं बसचं तिकीट काढा.”

काठमांडूतली ती इमारत, ते जिने, ते काळे कोट... यामकलेनं कशाकडे पाहिलं नाही. नेत्र दारात आडवा आला होता. “दिदी, तुला आईची शपथ आहे...” “आईचंच सांगायला चाललेय, बाजूला हो,” असं म्हणून ती कठड्यात जाऊन उभी राहिली.

सरकारी वकील तरुण होता, आवाजानं मऊ होता, आणि म्हणूनच त्याची भीती वाटत होती.

“आमाजी, तुमच्या ओसरीवर तुम्ही सांगितलंत की आईचं सोनं नव्हतंच. आज म्हणता, होतं. यातलं खरं कुठलं?”

“आजचं.”

“भावाला वाचवायला माणूस काहीही बोलेल, नाही का?”

“भावाला वाचवायलाच बोलायचं असतं, तर तेव्हाच नसते का बोलले, बाबू?”

मागे कुणीतरी हसलं. न्यायाधीशांनी वर पाहिलं. वकिलाचा आवाज आणखी मऊ झाला.

“बरं. मग तेव्हा खोटं का बोललात? कुणी धमकावलं होतं?”

“नाही.”

“भावाशी भांडण?”

“नाही.”

“मग?”

यामकलेनं समोर पाहिलं. बाकावर समझना बसली होती, गळा रिकामा, ओठ दाताखाली. सगळं आयुष्य जे लपवलं, आईच्या फोटोपुढेसुद्धा जे कधी कबूल केलं नाही, ते आता या परक्या माणसांपुढे उघडं करायचं... लाजेनं तिचा जीव अर्धा झाला. पण शेजारी तिचा बाबू उभा होता, ताठ, पांढराफटक.

“हेव्यानं,” ती म्हणाली.

“काय म्हणालात? मोठ्यानं सांगा.”

“हेव्यानं, श्रीमान! भावजयीचा हेवा करते मी! ती या घरात आली त्या दिवसापासून करते! मी माझं लग्न मोडलं, उपाशी राहिले, आईचं लेणं जपलं, आणि माझ्याच हातानं ते तिच्या गळ्यात घातलं. घातलं, पण सोडलं नाही... तीजेला तिच्या गळ्यात ते दिसेना, तेव्हा वाटलं, हिनं माझ्या आईची तिलहरी मोडून खाल्ली. त्याच रागात बोलले. माझा भाऊ चोर नाही, श्रीमान. चोर मी आहे. त्याचं खरं मी चोरलं!”

“नाही हो, दिदी!” बाकावरून समझना किंचाळली आणि ओंजळीत तोंड लपवून रडू लागली. न्यायाधीशांनी तिला खाली बसायला सांगितलं. नेत्रच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं, आणि ते पुसायचं भानही त्याला नव्हतं.

सरकारी वकील मात्र आपलं काम सोडायला तयार नव्हता. “तिलहरी घरोघर असते, आमाजी. जप्तीत सापडलेली तुमच्या आईचीच, हे कशावरून?”

“मी ती याच्या लग्नानंतर हातात घेतली नाही. तुमच्याकडची मी पाहिलेलीही नाही. पण खालच्या टोकाशी एक पोचा असेल बघा. याचा पहिला दात आला होता. आईच्या मांडीवर दूध पिता पिता यानं तिलहरी तोंडात घातली आणि कचकन चावला. सोनार म्हणाला, ठोकून सरळ करतो. आई म्हणाली, राहू दे, माझ्या लेकाचा दात आहे तो.”

सीलबंद पाकीट फोडलं गेलं. न्यायाधीशांनी ते इवलंसं सोनं बोटांत धरून फिरवलं, टोकाशी थांबले, अंगठ्यानं चाचपलं, आणि काही न बोलता शेजारच्या न्यायाधीशांच्या हातात दिलं. मग यामकला बाकीचं एकेक सांगत गेली. अशर्फींच्या माळेचा कुठला मणी कधी हरवला, बालांमधली एक दुसरीपेक्षा सैल का... समोरून पुन्हा प्रश्न आला नाही. खोटा कागद दिल्याबद्दल न्यायाधीशांनी तिला कडक शब्दांत सुनावलं, आणि ते तिनं हात जोडून ऐकून घेतलं.

बाहेरच्या पायऱ्या ती उतरू लागली. समझनानं धावत येऊन तिचा हात धरला. दोघी तिथंच पायरीवर बसल्या.

“दिदी, मी नव्हती हो मोडली... रोज घालायचे. फक्त तुम्ही येणार असलात की काढून ठेवायचे.”

“काढून? का गं?”

“एका तीजेला वाढायला वाकले, तर तिलहरी तुमच्या ताटावर लोंबली. तुम्ही तिच्याकडे बघत राहिलात. घास हातातच राहिला तुमच्या... मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. जिनं आपला संसार मोडून हा संसार उभा केला, तिच्यापुढे तिच्याच आईचं सौभाग्यलेणं मी मिरवायचं? तुम्हाला दुखू नये म्हणून काढायचे, दिदी. आणि तेच तुम्हाला...”

यामकला तिच्या तोंडाकडे बघतच राहिली. सगळं वैर ज्या रिकाम्या गळ्यावर पोसलं होतं, तो गळा तिच्यासाठीच रिकामा होता!

“अगं बये, मग बोलायचंस ना तोंडानं!”

“काय बोलू? तुम्हाला हेवा वाटतो, म्हणून काढलीय, असं सांगू?”

यामकलेला रडता रडता हसू फुटलं. मग समझनालाही. येणारे-जाणारे वकील दोघींना वळसा घालून पायऱ्या चढत राहिले, आणि वर दाराशी उभ्या नेत्रला, खाली यावं की नाही, तेच कळेना.

निकाल लागायला हिवाळा उजाडला. नेत्र निर्दोष सुटला, कामावर परत रुजू झाला. सोनं हातात यायला मात्र आणखी बरेच हेलपाटे घालावे लागले. तानसेनमध्ये यामकलेच्या कबुलीचा बभ्रा झालाच होता. पाणवठ्यावर बायका कुजबुजायच्या. “हो, केला हेवा! तुमच्याकडे कुणी करत नाही वाटतं?” असं ती तोंडावर विचारायची, आणि हंडा उचलून चालू लागायची.

तीज आली. दर जेवायला यामकला बुटवलला उतरली. समझना लाल साडी नेसून आत-बाहेर करत होती, आणि गळा पुन्हा रिकामाच! जेवण वाढायच्या आधी तिनं एक ढाक्याचं फडकं आणून यामकलेच्या मांडीवर ठेवलं. आत तिलहरी होती.

“ही तुमची, दिदी. लोक काय म्हणायचं ते म्हणोत. तुम्ही घाला.”

यामकलेनं ती हातात घेतली. इतक्या वर्षांनी! बोट आपोआप त्या पोच्यावर गेलं. किती हलकी होती... एवढ्याशा सोन्यापायी! क्षणभर तिनं ती आपल्या गळ्याशी धरून पाहिली, कपाटाच्या आरशात. आरशातली म्हातारी बाई तिच्याकडे बघून ओळखीचं हसली.

मग ती भावजयीकडे वळली. “इकडे ये, बुहारी. वाक.”

लग्नात तिनं तोंड फिरवलं होतं. पण आज तिनं सर गळ्यात अडकवली, मणी नीट केले, आणि समझनाची हनुवटी धरून तोंड वर केलं.

“आता मी असले काय, नसले काय, ही काढायची नाही. माझ्या डोळ्यांत खुपली तर खुपू दे. मी सांगेन तुला तोंडावर. तू उलटून बोल. पण गळा रिकामा ठेवायचा नाही!”

“बरं, दिदी,” असं म्हणून समझना डोळे पुसत वाढायला वाकली. तिलहरी लोंबून यामकलेच्या ताटावर हलू लागली, दिव्यात लखलखली. यामकलेनं तिच्याकडे टक लावून पाहिलं...

“खुपतेय का हो, दिदी?”

“थोडी,” यामकला म्हणाली, आणि तिनं भाताचा मोठा घास तोंडात घातला. “खीर वाढ.”